तातडीची वेळ : नऊ ते पाच

माणूस आजारी पडतो हे सत्य फार जुनं आहे. आणि आपण आजारी आहोत हे त्याला दुसऱ्या कुणाला तरी पटवून द्यावं लागतं, हे बहुधा त्याहून जुनं असावं. आजार निसर्गाने दिला. पटवून देण्याची पद्धत मात्र आम्ही दिली. आम्ही म्हणजे आरोग्य खात्याचा नियोजन कक्ष, दुसरा मजला, जिन्यावरून डावीकडे (लिफ्ट आहे, तिची दुरुस्ती नियोजनात आहे).

या कक्षात मी एकतीस वर्षं काढली. एवढ्या काळात मी एकही रोगी बरा केला नाही, पण एकही मारला नाही, याची माझ्या सेवापुस्तकात नोंद व्हावी असा अर्ज मी दोनदा केला होता. तो विचाराधीन आहे. माझं काम अहवाल लिहिण्याचं. अहवाल कितीही छोटा असो, मी त्याला किमान नऊ परिशिष्टं जोडत असे, त्यामुळे कार्यालयात मला पाठीमागे 'परिशिष्ट' म्हणत. समोर 'सर' म्हणत. दोन्हीत आदर साधारण सारखाच होता.

माझी ताई शहराच्या पूर्वेकडच्या सरकारी रुग्णालयात तातडीच्या विभागाची मुख्य सिस्टर. तिला हे टोपणनाव कळलं तेव्हा ती म्हणाली, "परिशिष्ट म्हणजे अपेंडिक्सच ना? बरोबर आहे. कशासाठी असतं ते कुणाला ठाऊक नसतं, आणि दुखायला लागलं की सगळ्यांना पळायला लावतं."

ताईचं शिक्षण माझ्यापेक्षा कमी झालं आहे.

राष्ट्रीय आरोग्यसेवेला सत्तर वर्षं पूर्ण होत होती आणि माझ्या निवृत्तीला एक वर्ष उरलं होतं. या दोन थोर घटनांचा मेळ घालून संचालकसाहेबांनी माझ्याकडे ग्रंथ सोपवला : 'राष्ट्रीय आरोग्यसेवा – इतिहास आणि भवितव्य'. इतिहासाला एकशे ऐंशी पानं लागली. भवितव्य साडेचार पानांत बसलं (त्यातलं अर्धं पान आभाराचं).

इतिहास थोडक्यात असा. सेवा सुरू होण्यापूर्वी श्रीमंतांना डॉक्टर असत आणि गरिबांना शेजारी. पुढे एक मोठी साथ आली. त्या साथीला शिस्त नव्हती. ती बंगल्यांतही शिरली. सभागृहातले निम्मे सभासद खोकत होते आणि उरलेले निम्मे त्यांच्या शेजारी बसले होते. 'प्रत्येक नागरिकाला, तो कोण हे न विचारता, उपचार मिळेल' हा कायदा त्या दिवशी अकरा मिनिटांत संमत झाला. (आज अकरा मिनिटांत आमची हजेरीसुद्धा होत नाही.) कायदा एका वाक्याचा होता. त्याखालचे नियम आज चौदा खंडांत मिळतात.

पहिल्या वीस वर्षांना मी ग्रंथात 'अव्यवस्थेचा कालखंड' म्हटलं आहे. त्या काळी रोगी दारातून आत येई, डॉक्टर त्याला तपासत आणि औषध देत. हे नेमकं कसं जमत असे याची कागदपत्रं उपलब्ध नाहीत. त्यानंतर सुव्यवस्थेचा कालखंड सुरू झाला : खिडकी आली, खिडकीसमोर रांग आली, रांगेसाठी टोकन आलं, आणि टोकनसाठी वेगळी रांग आली. या कालखंडात माझंही नम्र योगदान आहे. नमुना सात-ख माझा. त्यातला अठरावा प्रश्न असा : 'रुग्ण बेशुद्ध आहे काय? (स्वतःच्या हस्ताक्षरात लिहावे)'. आजपर्यंत एकाही रुग्णाने या प्रश्नाला 'होय' असं उत्तर दिलेलं नाही. देशातून बेशुद्धीचं उच्चाटन झाल्याचं मी परिशिष्ट चारमध्ये साधार दाखवलं आहे.

भवितव्याच्या साडेचार पानांत मुख्य शिफारस एकच होती. पूर्वेकडच्या रुग्णालयाचा तातडीचा विभाग बंद करून तो मध्यवर्ती रुग्णालयात विलीन करावा. कारण साधं होतं : त्या विभागात येणारे शंभरपैकी शंभर लोक आगाऊ सूचना न देता येतात, आणि अशा लोकांचं नियोजन करता येत नाही. मध्यवर्ती रुग्णालय तिथून चौदा किलोमीटरवर आहे. आमच्या भिंतीवरच्या नकाशात ते करंगळीएवढं अंतर भरतं. मी स्वतः करंगळी ठेवून पाहिली होती.

ताईला हे कळलं तेव्हा तिने फोन केला.

"तू इथं येऊन कधी बघितलंस का रे?"

"आकडे बघितलेत, ताई. सहा वर्षांचे."

"आकडे लादीवर पडलेले नसतात. माणसं असतात. एकदा ये."

तिच्या म्हणण्यावरून मी गेलो असं कुणी समजू नये. मुखपृष्ठाला एक छायाचित्र हवं होतं आणि सरासरी प्रतीक्षाकाळाचा आकडा ताजा करायचा होता, म्हणून गेलो. दोन दिवस छातीत जरा जड वाटत होतं आणि डावा जबडा दुखत होता, पण त्याची व्यवस्था मी लावलेली होती. गुरुवारी दुपारी खाजगी रुग्णालयातल्या मोठ्या हृदयतज्ज्ञांची वेळ घेतली होती. आमच्या खात्याच्या अधिकाऱ्यांना खाजगी रुग्णालयात जाण्याची सवलत आहे. ती आवश्यकच आहे. नाहीतर सार्वजनिक सेवेचा आम्ही तटस्थपणे विचार कसा करणार?

तो मंगळवार होता. रुग्णालयाचा दर्शनी भाग म्हणजे एक लांबट दालन, खांद्यापर्यंत हिरवा रंग, त्यावर पांढरा. बाकांची टोकं लोकांच्या हातांनी गुळगुळीत झालेली. केसपेपरची खिडकी कमरेच्या उंचीवर, त्यामुळे तिच्याशी बोलताना नागरिक आपोआप वाकतो (हे आम्ही योजलं नव्हतं, पण छान जमून आलं आहे). दहा वाजून चाळीस मिनिटांनी मी घड्याळाची कळ दाबली आणि रांगेत उभा राहिलो. माझा क्रमांक सत्तेचाळिसावा होता.

दोन मिनिटांत मला घाम फुटला. माझ्या पुढे एक बाई होत्या, घोट्याला ओढणी गुंडाळून एका पायावर उभ्या. त्यांनी मागे वळून पाहिलं.

"अहो, तुम्ही पुढे जा. चेहरा बघा तुमचा."

"मी पेशंट नाही," मी म्हणालो.

"मग रांगेत कशाला उभे राहिलात?"

"मी रांगेचा अभ्यास करतोय."

हे माझं त्या दिवशीचं शेवटचं सुसंगत वाक्य. त्यानंतर हिरवा रंग वर गेला, पांढरा खाली आला आणि माझा गाल लादीला लागला. लादी गार होती आणि स्वच्छ होती. ही दोन्ही निरीक्षणं माझ्या अहवालात नव्हती.

त्या बाई ओरडल्या. पन्नाशीचा खिडकीवरचा कारकून काउंटरवर चढून पलीकडे उतरला. दाराला वळसा घालून येण्याइतका वेळ त्याने घेतला नाही. स्ट्रेचर आलं. कुणीतरी माझा कोट काढला, कुणीतरी सदरा कापला. वर ताईचा चेहरा दिसला. त्यावर भाऊ वगैरे काही दिसत नव्हता. काम दिसत होतं.

"काहीतरी म्हणताहेत," एक तरुण डॉक्टर बाई वाकून ऐकत म्हणाल्या. "सात... सात काय?"

"फॉर्म मागतोय," ताई म्हणाली.

"आत्ता?"

"त्यानेच बनवलाय तो. तुम्ही इंजेक्शन द्या."

इंजेक्शन रक्ताची गुठळी विरघळवणारं होतं. नंतर, बऱ्याच वेळाने, त्या डॉक्टर बाई माझ्या उशाशी आल्या. सलग चोवीस तासांहून अधिक काळ त्या कामावर होत्या आणि उभ्या उभ्या बिस्किट खात होत्या. म्हणाल्या, "नशीबवान आहात. आणखी अर्धा तास गेला असता तर माझ्या हातात फारसं काही उरलं नसतं."

मी आकडेमोड करणारा माणूस आहे. छताच्या पंख्याकडे बघत मी हिशेब केला. सकाळी पावणेअकरा, बाजाराचा रस्ता, रेल्वेचं फाटक. करंगळीएवढं अंतर कापायला पंचावन्न मिनिटं लागतात. मी पुन्हा पुन्हा तोच हिशेब केला, दुसरं उत्तर येतंय का बघितलं. मग मला रडू आलं. शेजारच्या कॉटवरून कुणीतरी हात लांब करून माझ्या चादरीवर दोनदा थापटलं.

(घड्याळाची कळ रांगेतल्या त्या बाईंनी बंद केली होती. प्रतीक्षाकाळ चार मिनिटं दहा सेकंद. माझ्यामुळे त्या दिवशीची सरासरी किंचित सुधारली.)

थापटणारा हात शेजारच्या टेलरमास्तरांचा होता. पासष्टीचे, बारीक अंगाचे, रक्तदाब फार चढला म्हणून दाखल झालेले. त्यांचं दुकान रुग्णालयाच्या मागच्याच गल्लीत. त्यांना एकच व्यसन होतं : खिळ्याला टांगलेला माझा कोट बघणं. दोन दिवस ते नुसते बघत होते. तिसऱ्या दिवशी राहवलं नाही.

"कोट कुणी शिवला?"

"तयार घेतलाय."

"तरीच. उजवा खांदा अर्धा इंच उतरलाय. तयार कपड्याचं असंच असतं बघा. कपडा माणसाला बसत नाही, माणसालाच कपड्यात बसावं लागतं." मग पुन्हा कोटाकडे बघत, "घरी गेलो की आणून द्या. उसवून नीट करतो. असा खांदा घेऊन तुम्ही हिंडलात तर मला झोप नाही यायची."

वॉर्डातला मुक्काम नऊ दिवसांचा झाला. कॉट कुरकुरायची आणि चादरीवर आमच्याच खात्याचा शिक्का होता, तोही नेमका नाकाशी. सफाईवाल्या मावशी दिवसातून तीनदा कॉटखाली फडका मारायच्या. पहिल्याच दिवशी त्यांनी मला बजावलं, "साहेब असाल तर घरी. इथं चपला भिंतीला लावून ठेवायच्या." एकतीस वर्षांत मला इतका स्पष्ट आदेश कुणी दिला नव्हता. मी तो तत्काळ अमलात आणला.

बायको रोज यायची. भेटीची वेळ चार मिनिटांची (नियम माझा, परिशिष्ट सहा). पहिली दोन मिनिटं ती डोळे पुसायची, उरलेली दोन कुजबुजायची.

"अहो, सगळे विचारतात, कुठं ठेवलंय म्हणून."

"मग काय सांगितलंस?"

"म्हटलं, चांगल्या ठिकाणी ठेवलंय. खोटं नाही ना?"

खोटं नव्हतं. पण सोसायटीतल्या लोकांनी तिच्या आवाजावरून जो अर्थ घ्यायचा तो घेतला, आणि त्यापैकी तिघे जण फळं घेऊन शहरातल्या सर्वांत महागड्या खाजगी रुग्णालयात जाऊन परत आले.

एकदा मास्तरांनी विचारलं, "तुम्ही कामाला कुठं?"

"आरोग्य खात्यात. नियोजनाला."

ते उठून बसले. त्यांनी कॉटा बघितल्या, सलाईनच्या बाटल्या बघितल्या, दारातून लगबगीने जाणारी ताई बघितली. "म्हणजे हे सगळं तुम्ही करता?" त्यांनी हात जोडले. "फार मोठं काम करता हो तुम्ही लोक."

मी म्हणालो, "कर्तव्यच आहे." जे आपलं नाही ते हात पुढे करून घेण्याला आमच्या खात्यात दुसरा एक शब्द आहे, पण त्या क्षणी तो मला आठवला नाही.

घरी सोडलं त्या दिवशी ताईने माझ्या सदऱ्याची कॉलर सरळ केली. "आता काय लिहिणार?"

"खरं तेच."

"नक्की?"

"ताई, मी इथं मेलो असतो."

"रोज कुणी ना कुणी मेलं असतं," ती म्हणाली. "तू एकटाच लिहिणारा निघालास."

महिन्याभराने मी कामावर रुजू झालो आणि सुधारित शिफारस घेऊन संचालकसाहेबांकडे गेलो. साहेब अत्यंत सुसंस्कृत गृहस्थ. कुणालाही नकार देताना ते आधी चहा मागवतात. चहा आला तेव्हाच मला कळायला हवं होतं.

त्यांनी माझी सगळी हकीकत ऐकून घेतली. मध्ये एकदा चष्माही पुसला. "तुमचा अनुभव हृदयस्पर्शी आहे," ते म्हणाले. (वैद्यकीयदृष्ट्याही हे अचूक होतं.) "पण नमुना संख्या किती?"

"एक."

"तुम्हीच शिकवलंत आम्हाला, एकावरून धोरण ठरत नाही. आणि दुसरी एक अडचण आहे. तुम्ही केसपेपर काढला होता का?"

"मी लादीवर होतो, साहेब."

"तेच म्हणतो मी. केसपेपर नाही, म्हणजे कागदोपत्री तुम्ही तिथे उपचार घेतलेले नाहीत. जो उपचार झालाच नाही, त्यामुळे तुम्ही वाचलात असं छापता येणार नाही. छापायचंच असेल तर नियम डावलून उपचार दिले असं नमूद करावं लागेल. मग चौकशी आली. कुणी दिले, कुणाच्या हुकमाने दिले." त्यांनी बिस्किटांची बशी माझ्याकडे सरकवली. "विभागाच्या मुख्य सिस्टर तुमच्या भगिनी ना? त्यांचीही निवृत्ती जवळच आली असेल."

त्यांनी धमकी दिली असं मी म्हणणार नाही. बिस्किटं क्रीमची होती.

इथे कथेतला धीरोदात्त माणूस उठून उभा राहतो. मीही उठलो, पण बिस्किटांचा चुरा झटकायला. परत बसलो आणि माझ्या मेंदूने, ज्याला पूर्वेकडच्या रुग्णालयाने महिनाभरापूर्वीच रक्तपुरवठा सुरळीत करून दिला होता, एक तोडगा काढला. तो साहेबांचा नाही, माझाच, हे इथे स्पष्ट करतो. विभाग बंद करायचा नाही. फक्त त्याला कार्यालयीन वेळ लावायची : सकाळी नऊ ते सायंकाळी पाच. शिफारस अनुभवाला धरून होती. माझ्या बाबतीत घटना दहा चाळीसलाच घडली होती.

"वा!" साहेब म्हणाले. "विभागही राहिला आणि तुमच्या भावनेचाही मान राहिला."

मी सही केली. माझी सही सुंदर आहे; तिच्याखाली मी दोन टिंबं देतो.

त्या संध्याकाळी ताईच्या घरी गेलो. तिने कागद दोनदा वाचला.

"आणि पाचनंतर?"

"पाचनंतर मध्यवर्ती रुग्णालय."

"म्हणजे लोकांना सांगायचं, पडायचं असेल तर पाचच्या आत पडा."

"ताई, अख्खा विभागच जाणार होता. मी निम्मा वाचवला."

"तुला आम्ही निम्मा वाचवला होता का रे?"

ती चिडली असती तर बरं झालं असतं. ती उठली आणि भाजी चिरायला बसली. चौकशीच्या भीतीबद्दल मी तिला काही सांगितलं नाही. तुझ्यासाठी केलं, असं म्हणायला तोंड उघडलं होतं. पण तिने मला कधी तसं करायला सांगितलंच नव्हतं, हे वेळेवर लक्षात आलं. पुढे महिनाभर ती स्वतःहून सात-साडेसातपर्यंत विभागात थांबत राहिली. मग तिला 'कार्यालयीन वेळेनंतर अनधिकृत उपस्थिती' याबद्दल ज्ञापन आलं. मसुदा उत्तम होता. मीच कुणाला तरी लिहायला शिकवलेला.

ग्रंथाचं प्रकाशन थाटात झालं. मुखपृष्ठावर रिकामं स्वच्छ दालन होतं. लोकांना त्यासाठी अर्धा तास बाहेर उभं केलं होतं.

दरम्यान मी कोट मास्तरांना नेऊन दिला होता. ते खूश झाले. खडूने खांद्यावर रेघ ओढत म्हणाले, "घाई करू नका. नीट करतो." मीही घाई केली नाही. तीन महिने गेले, मी निवृत्त झालो, हार मिळाला, आणि एका दुपारी रिकामपण खायला उठलं म्हणून त्यांच्या दुकानाकडे वळलो.

मशीनवर त्यांची बायको बसली होती. मास्तर मागच्या खुर्चीत, उजवा हात मांडीवर ठेवलेला, एखादी वस्तू ठेवावी तसा. तोंडाचा एक कोपरा खाली आला होता.

काय झालं ते मास्तरीणबाईंनीच सांगितलं. एका संध्याकाळी साडेसहाला मास्तरांच्या हातातून कात्री पडली. उचलायला गेले तर हात येईना, बोलायला गेले तर शब्द फुटेना. रुग्णालय मागच्याच गल्लीत. बाईंनी शेजाऱ्याच्या मदतीने त्यांना धरून तीन मिनिटांत दारापर्यंत नेलं. दाराला कुलूप होतं आणि वर पाटी होती : 'तातडीची वेळ – सकाळी ९ ते सायंकाळी ५. होणाऱ्या गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत.'

(दुसरं वाक्य माझं होतं. साहेबांना ते अनावश्यक वाटलं होतं. मी आग्रहाने ठेवलं.)

मग गाडी शोधली, मग फाटक लागलं. मध्यवर्ती रुग्णालयात पोचायला आठ वाजले. तिथल्या डॉक्टरांनी जीव वाचवला. हात वाचला नाही.

"नशीब म्हणायचं," बाई म्हणाल्या. "दुसरं काय?"

निघून जाता आलं असतं. पाय तसे निघालेही होते. पण मास्तर माझ्याकडे बघून डाव्या बाजूने हसत होते, ओळख पटल्याचं, आणि बायकोला खुणेने सांगत होते की साहेबांना स्टूल दे. मी स्टुलावर बसलो नाही. म्हणालो, "मास्तर, दवाखान्याची ती वेळ मी ठरवली. नऊ ते पाच. कागद माझा आहे. सही माझी आहे."

मशीन थांबलं. मास्तरांचं हसू जायलाही वेळ लागला. त्यांचं सगळंच आता सावकाश होतं. बोलायला त्यांना एकेक शब्द ओढून आणावा लागत होता.

"माप... न घेता..." ते म्हणाले. थांबले. डाव्या हाताने लाळ टिपली. "माप न घेता... कापलंत."

एवढंच. बाईंनी खुंटीवरचा कोट काढून माझ्या हातात दिला. "अर्धाच झालाय," त्या म्हणाल्या. "न्या."

रस्त्यावर आलो तेव्हा ऊन होतं आणि मी तो कोट हातात धरून बराच वेळ उभा होतो. एकतीस वर्षांत मला कुणी इतका छोटा अहवाल दिला नव्हता, आणि त्याला जोडायला माझ्याकडे एकही परिशिष्ट नव्हतं.

मग मी ताईकडे गेलो. काय बोललो ते सांगत नाही. तिने ऐकलं, पाणी दिलं, आणि पर्समधून घडी केलेला कागद काढला. म्हणाली, "रडून झालं असेल तर हे वाच."

ती सूचना होती. सायंकाळी पाचनंतर पूर्वेकडच्या रुग्णालयात येणाऱ्या तातडीच्या रुग्णांची संख्या शून्यावर आली असून, यावरून त्या भागात तातडीची गरज उरलेली नाही असं सिद्ध होतं. सबब, उर्वरित विभागही बंद करण्याचं प्रस्तावित आहे. (तर्क निर्दोष होता. माझ्या जागी आलेला माणूस हुशार आहे.) नागरिकांनी आपल्या हरकती तीस दिवसांत नोंदवाव्यात. पाचशे हरकती आल्यास जाहीर सुनावणी घेण्यात येईल.

मी त्याच दिवशी हरकत लिहिली. अकरा पानी. ती दुसऱ्याच दिवशी परत आली, कारण विहित नमुन्यात नव्हती. विहित नमुना नऊ-ग. तोही माझाच. भरायला बसलो तेव्हा त्यातला सहावा प्रश्न मी पहिल्यांदा नीट वाचला : 'हरकतदाराचा सदर बाबीशी थेट संबंध काय?' तासभर विचार करून मी लिहिलं : 'जिवंत आहे.'

गेले एकोणतीस दिवस मी नमुना नऊ-गचा गठ्ठा घेऊन या शहरात दारोदार फिरलो आहे. माझा अनुभव अतिशय उत्साहवर्धक आहे. एकाही घरात मला विरोध झाला नाही. सगळ्यांनी बसायला सांगितलं. सरकारी दवाखाने टिकलेच पाहिजेत, यावर शंभर टक्के एकमत आढळलं. गरिबांनी जायचं कुठं, असं प्रत्येकाने मला विचारलं. फॉर्म मात्र नंतर भरतो म्हणाले. स्वतः माझी बायको म्हणाली, "अहो, आपण कशाला? आपल्याला विमा आहे ना." शहराची लोकसंख्या साडेसहा लाख. आजपर्यंत आलेल्या हरकती पाच : माझी, ताईची, त्या तरुण डॉक्टर बाईंची, डाव्या हाताच्या अंगठ्याने उठवलेली मास्तरांची, आणि एका गृहस्थांची, जी रुग्णालयाच्या दारात लागणाऱ्या दुचाक्यांबद्दल आहे.

म्हणून शेवटचा उपाय म्हणून मी ही हकीकत लिहून काढली. लोक फॉर्म वाचत नाहीत, गोष्ट वाचतात, असं ऐकलं होतं. ही गोष्ट वाचायला सर्वसाधारण वाचकाला पंधरा मिनिटं लागतात. नमुना नऊ-ग भरायला सहा. मुदत आज कार्यालय सुटेपर्यंत आहे.

आपण इथपर्यंत वाचलंत, एकदोनदा हसलात, मास्तरांपाशी जरा थांबलात, त्याबद्दल मी मनापासून आभारी आहे. आपण फार संवेदनशील आहात. फॉर्मचं मात्र मनाला लावून घेऊ नका. ज्यांचं उत्तर येत नाही त्यांच्यासाठीही आमच्या तक्त्यात एक रकाना आहे. त्यात आपलं नाव खात्याने सुवाच्य अक्षरात आधीच लिहून ठेवलं आहे. त्या रकान्याचं शीर्षक मीच सुचवलं होतं. आपण घरीही ते रोज म्हणताच :

हरकत नाही.